ग्रेग साहेबांचे आठ आणे

गेल्या उन्हाळ्यात आमच्या घरी एक वाद झाला. वाद तसा लहान होता, पण त्यातून शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या एका गोऱ्या लष्करी अधिकाऱ्याची गोष्ट निघाली. ती आपल्या घराघरांतल्या मुलांना ठाऊक असावी असे वाटले, म्हणून हे लिहीत आहोत.

आमचा भाचा पंधरा वर्षांचा आहे. डाव्या हाताने फिरकी टाकतो. वस्तीमागच्या मोकळ्या जागेत रबरी चेंडूवर शिकला आणि आता भीमजयंतीच्या स्पर्धेत मोठमोठ्या पोरांच्या विकेटी काढतो. एका रविवारी ओळखीच्या माणसाने त्याला शहरातल्या एका क्लबच्या मैदानावर नेले. तिथल्या प्रशिक्षकांनी त्याची गोलंदाजी पाहिली आणि म्हणाले, ‘‘सुट्टीभर ये. आमच्या मोठ्या मुलांना नेटमध्ये बॉलिंग टाक. बसभाडे देऊ, नाश्ता देऊ.’’ भाच्याने भीतभीत फीचे विचारले. तेव्हा ते हसून म्हणाले, ‘‘फी कसली? तू थोडाच शिकायला येणार आहेस?’’

रात्री ताईच्या घरी सगळे जमलो. दाजी रिक्षा चालवतात. त्यांचे म्हणणे, मुकाट्याने जावे, मोठ्या ठिकाणी ओळख होते, पुढेमागे नशीब निघते. ताईला दहावीच्या वर्षाची काळजी. आमची आई इतका वेळ गप्प होती. ती एकदम म्हणाली, ‘‘फुकट राबायला धाडू नका पोराला. याच्या मामानेही दोन उन्हाळे असेच चेंडू टाकले होते. काय मिळाले?’’ आणि सगळे आमच्याकडे पाहू लागले. दाजी म्हणाले, ‘‘तुम्ही शिकलेले, चळवळीतले. तुम्हीच सांगा काय करायचे ते.’’

आम्ही त्या रात्री काहीच सांगू शकलो नाही. आई म्हणाली ते खरे होते. आमचे वडील खडकीच्या दारूगोळा कारखान्यात कामगार होते. आम्ही सोळा वर्षांचे असताना सायकलवरून एका मैदानावर जात होतो. रोज दीड-दोन तास गोलंदाजी करायची, चेंडू दूर गेला तर धावत जाऊन आणायचा, शेवटी जाळी गुंडाळून ठेवायची. दोन उन्हाळे गेले. एक दिवस धीर करून विचारले, ‘‘सर, आज मी पॅड बांधू का?’’ उत्तर मिळाले, ‘‘नंतर बघू.’’ ते नंतर कधी आलेच नाही. आम्ही जाणे सोडले, कॉमर्सला नाव घातले, बी.कॉम. झालो आणि कारकुनीत शिरलो. मैदानाचे दुःख मनातल्या एका कोपऱ्यात ठेवून दिले होते. ते आईने त्या रात्री बाहेर काढले.

घरी आलो तरी झोप लागेना. तेव्हा आम्हाला कॅप्टन ग्रेग आठवले.

पूर्ण नाव जॉन ग्लेनी ग्रेग. जन्म २४ ऑक्टोबर १८७१, गाव महू. महू म्हटले की आपल्या मनात एकच तारीख उभी राहते, १४ एप्रिल १८९१. ज्या छावणीच्या गावात सुभेदार रामजींच्या घरी बाबासाहेब जन्मले, त्याच गावात त्यांच्या आधी वीस वर्षे हा गोरा मुलगा जन्मला होता. तो मोठा होऊन लष्करात अधिकारी झाला आणि पुण्याला आला. क्रिकेटवर त्याचे अतोनात प्रेम. अंगाने लहानखुरा, पण पाय चपळ आणि मनगट लवचिक. त्या काळात हिंदुस्थानात खेळणाऱ्या गोऱ्यांमध्ये त्याच्या तोडीचा फलंदाज मिळणे कठीण होते. आपल्या लोकांच्या तोंडी ‘जॉन ग्लेनी’ हे नाव नीट बसेना. त्याचे झाले ‘जंगली’. पुढे गोरेही त्याला जंगली ग्रेग म्हणू लागले.

हे साहेब पुण्यात होते ती वर्षे आपल्या दृष्टीने कोणती होती, हेही ध्यानात घेतले पाहिजे. १८९२-९३ च्या सुमारास ब्रिटिश सरकारने महारांची लष्करभरती बंद केली. ज्यांच्या वाडवडिलांनी १८१८ साली कोरेगावला आपले रक्त सांडले होते, त्यांना ‘तुम्ही लढवय्ये नाही’ असे सांगून दार लावून घेतले. शिपायाची नोकरी गेली म्हणजे पगार गेला, पेन्शन गेली, पोरांची पलटणीतली शाळा गेली. ते दार पुन्हा नीट उघडायला १९४१ साल उजाडावे लागले, तेव्हा कुठे महार रेजिमेंट उभी राहिली. म्हणजे एकाच लष्करात ग्रेगसारख्या तरुणाला बढतीचा रस्ता मोकळा होता आणि आपल्या तरुणाला साधा शिपाई म्हणून उभे राहायचीही सोय उरली नव्हती.

त्याच पुण्यात, त्याच वर्षांत, चर्मकार समाजातला एक सतरा-अठरा वर्षांचा पोरगा कामाच्या शोधात होता. त्याचे नाव बाळू पालवणकर. वडील लष्कराच्या चाकरीत. बाळू आणि त्यांचा धाकटा भाऊ शिवराम यांनी लष्करी अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या सामानावर क्रिकेटचे धडे गिरवले. बाळूंची पहिली नोकरी पारशांच्या एका क्रिकेट क्लबात. काम मैदान झाडायचे आणि खेळपट्टीवर रोलर फिरवायचा, पगार महिना तीन रुपये. तिथून ते गोऱ्यांच्या पूना क्लबात आले. पगार एक रुपयाने वाढून चार झाला. खेळपट्टी तयार करणे, जाळी बांधणे, टेनिसच्या मैदानावर पांढरे पट्टे आखणे, आणि साहेब लोक सरावाला आले की त्यांना चेंडू टाकणे, हे त्यांचे काम.

बाळू डाव्या हाताने संथ फिरकी टाकत. चेंडू दोन्हीकडे वळवत. ग्रेग साहेबांच्या नजरेला हे पडल्यावाचून राहिले नाही. सांगतात की साहेब इतरांच्या आधी तासभर मैदानावर येऊन उभे राहात, केवळ बाळूंच्या गोलंदाजीवर सराव करता यावा म्हणून. आणि अशीही गोष्ट सांगतात की बाळूंनी आपल्याला बाद केले की दर खेपेला साहेब त्यांना आठ आणे देत.

आम्ही पडलो कारकून. आकडा दिसला की बेरीज केल्याशिवाय राहवत नाही. चार रुपये म्हणजे चौसष्ट आणे. आठ आण्यांनी भागले तर उत्तर येते आठ. म्हणजे ही गोष्ट खरी धरली, तर महिनाभर रोलर ओढून, जाळी बांधून, पट्टे आखून बाळूंना जे मिळत होते, तेवढेच साहेबांना आठ वेळा बाद करून मिळत होते. चौदा-पंधरा हात रोलरचा दांडा ओढायचे दुःख एका बाजूला आणि बोटांची करामत दुसऱ्या बाजूला. कोणता गरीब पोरगा आपली बोटे धार लावून ठेवणार नाही?

या आठ आण्यांकडे आपण दोन्ही बाजूंनी पाहिले पाहिजे. त्या काळी गावगाड्यात महार-चांभार-मांगांच्या कामाला मोल नव्हते. वेठ होती. काम करा आणि शिळी भाकरी घ्या, नाहीतर शिव्या घ्या. अशा वेळी एक अधिकारी आपण हरलो की खिशात हात घालतो आणि हरवणाऱ्याच्या हातावर नाणे ठेवतो, ही लहान गोष्ट नाही. ‘तू माझ्यापेक्षा सरस ठरलास’ असे ते नाणे सांगत होते. गावात जे कोणी तोंडाने कबूल करत नव्हते, ते या साहेबाने रोख कबूल केले. त्याचे श्रेय ग्रेगना दिलेच पाहिजे. गोरा आहे म्हणून नाकारणे हा कृतघ्नपणा होईल.

पण दुसरी बाजू अशी. शेकडो तास बाळूंनी साहेबांना चेंडू टाकले, आणि त्यांच्या हातात बॅट मात्र एकदाही दिली गेली नाही. नेटमध्ये एकदाही नाही. गोलंदाजी म्हणजे राबणे, ते नोकराने करावे. फलंदाजी म्हणजे मौज, ती साहेबाने करावी. मैदानावर जात मानत नाहीत म्हणतात, पण मैदानावरसुद्धा कामाची अशी वाटणी होती. आपल्या गावातल्या वाटणीशी ती किती जुळते पाहा! राबणाऱ्याने पेरावे आणि खाणाऱ्याने खावे.

त्या रात्री आम्ही अंथरुणात उठून बसलो ते इथेच. सोळाव्या वर्षी ‘नंतर बघू’ ऐकले होते, तेव्हा वाटले होते की आपल्यातच काही कमी असेल. तसे नव्हते. ते उत्तर आमच्या आधी शंभर वर्षे तयार झालेले होते.

पुढची गोष्ट पुष्कळांना माहीत असेल, तरी थोडक्यात सांगतो. पुण्यातल्या हिंदू क्लबला गोऱ्यांना हरवायचे होते. हरवायला गोलंदाज हवा होता, आणि गोलंदाज होता अस्पृश्य. त्याला घ्यावे की न घ्यावे यावर वाद झाले. ग्रेग साहेबांनीही त्या वेळी उघडपणे म्हटल्याचे सांगतात की बाळूंना बाहेर ठेवाल तर मूर्ख ठराल. साहेबांना यात काय साधायचे होते? नेटमध्ये ज्याच्याशी रोज गाठ, त्याच्याशी खऱ्या सामन्यात झुंजायची हौस होती, की सनातन्यांना टोमणा मारायचा होता, की मनापासून न्याय वाटत होता? साहेबांच्या मनात शिरून पाहणारे आपण कोण? शब्द उपयोगी पडला एवढे खरे. पण संघात जागा मिळाली ती त्या शब्दाने नव्हे, बाळूंच्या बोटांनी. विकेटी पडत होत्या म्हणून जागा टिकली.

आणि संघात घेतले म्हणजे माणसात घेतले असे नव्हते. मैदानावर ज्या हाताने फेकलेला चेंडू झेलायचा, त्याच हाताला चहाच्या वेळी विटाळ होता. बाकीचे खेळाडू आत चिनीमातीच्या कपातून चहा घेत. बाळूंना बाहेर, वापरून फेकायच्या मातीच्या भांड्यात मिळे. जेवणाला ताट वेगळे, जागा वेगळी. तोंड धुवायला पाणी द्यायला क्लबचा अस्पृश्य नोकर. एकाच संघातला माणूस, आणि ही तऱ्हा! आमच्या पिढीला हे वाचून राग येतो. पण आमच्या आजीने असे पाणी ओंजळीत घेतले होते, त्यामुळे हे आम्हाला पुस्तकातले वाटत नाही.

बाळूंनी याला तोंडाने फारसे उत्तर दिले नाही. ते पुढे मुंबईला गेले, रेल्वेत नोकरी केली, हिंदू संघातून खेळत राहिले. फेब्रुवारी १९०६ मध्ये मुंबईत हिंदूंनी युरोपियनांना १०९ धावांनी हरवले, त्यात बाळूंचा मोठा वाटा होता. १९११ साली पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली हिंदुस्थानचा संघ इंग्लंडला गेला. संघ पुष्कळ सामने हरला, पण बाळूंनी त्या दौऱ्यात ११४ बळी घेतले. रोलर ओढणाऱ्या पोराने साहेबांच्या देशात जाऊन साहेबांच्या विकेटी काढल्या. एवढे करूनही हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना हक्काने कधी मिळाले नाही. ते १९२३ साली त्यांचे धाकटे बंधू विठ्ठल यांना मिळाले, आणि तेही भावांनी मानासाठी भांडल्यानंतर.

आता ग्रेग साहेबांचे पाहा. लष्करातून रजा मिळाली की ते इंग्लंडला जाऊन हॅम्पशायर परगण्याकडून खेळत. १९०१ साली लँकाशायरविरुद्ध लिव्हरपूलला त्यांनी नाबाद २४९ धावा केल्या. त्यांच्या आयुष्यातली ही सर्वांत मोठी खेळी. ती वाचताना आमच्या मनात आले, इंग्लंडच्या लोकांनी त्या दिवशी टाळ्या वाजवल्या असतील, तेव्हा त्यातल्या कोणाला ठाऊक होते की हे पदलालित्य पुण्याच्या एका चार रुपये पगाराच्या मजुराच्या फिरकीवर घासूनपुसून तयार झाले आहे? प्रथम दर्जाच्या सामन्यांत साहेबांनी सात हजारांवर धावा केल्या. त्यातल्या किती बाळूंच्या सरावाच्या, याचा हिशेब कोणत्याही धावफलकात नाही.

साहेब चढत चढत कर्नल झाले. निवृत्त होऊन इंग्लंडला परतले आणि हॅम्पशायरच्या क्रिकेट क्लबचे सचिव झाले. पुढे साठी उलटल्यावर या माणसाने आणखी एक वळण घेतले. ते रोमला जाऊन शिकले आणि कॅथलिक पंथाचे धर्मगुरू झाले. तलवार, बॅट आणि क्रूस, अशी तीन आयुष्ये ते एका जन्मात जगले. १९५८ साली, शहाऐंशी वर्षांचे होऊन, हॅम्पशायरमध्येच वारले. कर्तबगार माणूस होता यात शंका नाही. पण एका माणसाला आयुष्यभर एकामागून एक दारे उघडत जातात आणि त्याच्याच बरोबर मैदानावर घाम गाळणाऱ्या दुसऱ्या माणसाला चहाच्या खोलीचे दारही उघडत नाही, हे आम्ही या दोन आयुष्यांतून शिकलो. दोघांच्या अंगच्या गुणात फरक नव्हता. फरक होता तो दारांत.

बाळूंविषयी आणखी एक गोष्ट लपवून ठेवण्यात अर्थ नाही. तरुण वयात बाबासाहेबांना बाळूंचा मोठा अभिमान होता. आपल्यातला एक माणूस जगात नाव काढतो याचे त्यांनी जाहीर कौतुक केले. पण पुढे रस्ते वेगळे झाले. १९३२ नंतर बाळू दुसऱ्या बाजूला राहिले आणि १९३७ च्या निवडणुकीत मुंबईत काँग्रेसने त्यांनाच बाबासाहेबांसमोर उभे केले. बाबासाहेबांना १३,२४५ मते पडली, बाळूंना ११,२२५. बाबासाहेब निवडून आले. काही जण त्यामुळे बाळूंचे नाव घ्यायलाही तयार नसतात. आमचे मत वेगळे आहे. मतपेटीतला विरोध तिथेच संपला. मैदानावर त्यांनी आपल्या सर्वांसाठी जे केले ते कसे पुसणार? उलट आम्हाला यात एक धडा दिसतो. बाळूंनी असामान्य गुणांच्या जोरावर स्वतःपुरती जागा मिळवली. पण ज्या मजुराच्या बोटांत फिरकी नाही, त्याचे काय? त्याला माणूस म्हणून उभे राहायला ११४ बळी घ्यावे लागू नयेत, यासाठी बाबासाहेबांची लढाई होती. म्हणून त्यांनी बक्षिसे मागितली नाहीत, हक्क मागितले. बक्षीस देणाऱ्याच्या मर्जीवर असते. हक्काला मर्जी लागत नाही.

बाळू १९५५ साली मुंबईत वारले. मधली कित्येक वर्षे त्यांचे नाव फारसे कोणी घेत नव्हते. इतिहासकार रामचंद्र गुहा यांनी २००२ साली हिंदुस्थानी क्रिकेटचा इतिहास लिहिला, त्यात पालवणकर बंधूंना त्यांची जागा परत दिली. ते वाचूनच आम्हाला ग्रेग साहेबांची खरी ओळख झाली. तोवर आमच्या वस्तीतले म्हातारे ‘एक चांभाराचा पोर साहेबाला आउट करायचा’ एवढेच सांगत.

तर दुसऱ्या दिवशी संध्याकाळी आम्ही ताईकडे गेलो आणि भाच्याला समोर बसवून ही सगळी गोष्ट सांगितली. दाजी रिक्षा लावून दारात टेकून ऐकत होते. आईही होती. आठ आण्यांचा भाग आला तेव्हा पोरगा खूष झाला. मातीच्या भांड्याचा भाग आला तेव्हा गप्प झाला. सगळे सांगून संपल्यावर त्याने एकच प्रश्न विचारला.

‘‘मामा, साहेब पैसे देत होते, मग बॅट का देत नव्हते? बॅट द्यायला तर पैसेही पडत नाहीत.’’

आम्ही बी.कॉम. झालो, वीस वर्षे खतावणी लिहिली, वीस वर्षे मोर्चे आणि सभा केल्या. पण इतका सरळ प्रश्न आम्हाला सुचला नव्हता. आम्ही त्याला जमेल तसे उत्तर दिले. म्हटले, ‘‘बाळा, पैसे दिले तरी साहेब साहेबच राहतो. बॅट दिली की दोघे सारखे होतात. पैसे देणे सोपे असते.’’

आई लगेच म्हणाली, ‘‘मग पाठवू नका.’’ दाजी म्हणाले, ‘‘मग काय त्याने घरात बसायचे?’’ दोघांचेही खरे होते. बाळू जर अभिमानाने म्हणाले असते की बॅट दिल्याशिवाय मी चेंडू टाकणार नाही, तर त्यांना त्या दिवशीच काढून टाकले असते आणि इंग्लंडमध्ये ते ११४ बळी पडले नसते. आणि बाळूंनी विचारलेच नाही म्हणून आज आपण विचारायचे नाही, असेही नाही. त्यांना विचारायची सोय नव्हती. आपल्याला आहे. मधल्या काळात चवदार तळे झाले आहे, संविधान झाले आहे. ती सोय आपल्याला कोणी बक्षीस दिलेली नाही.

म्हणून आम्ही भाच्याला तीन गोष्टी सांगितल्या. पहिली, जा. चांगल्या फलंदाजांना चेंडू टाकल्याशिवाय हात तयार होत नाही, हे बाळूंचेच आयुष्य सांगते. दुसरी, एक वही कर. रोज किती चेंडू टाकलेस, कोणाला कसे बाद केलेस, ते लिही. आपल्या श्रमाचा हिशेब आपल्याजवळ पाहिजे, दुसऱ्याच्या तोंडी नको. तिसरी, पहिल्या आठवड्यातच प्रशिक्षकांना नीट, नम्रपणे, पण डोळ्यात बघून विचार, ‘सर, मला बॅटिंग केव्हा मिळेल?’ ते ‘बघू’ म्हणाले तर दिवस विचार. दिवस सांगितला नाही तर घरी येऊन सांग, तुझ्याबरोबर आम्ही येऊ. दोन उन्हाळे वाट पाहायची नाही. ती चूक या घरात एकदा झाली आहे.

दहावीच्या अभ्यासाचे दोन तास ताईने वेगळे लावून घेतले, तेव्हा कुठे तिचा चेहरा सैल झाला.

भाचा गेला. चौथ्या दिवशी त्याने विचारले. उत्तर मिळाले, ‘‘बघू.’’ त्याने दिवस विचारला. प्रशिक्षक जरा चमकले. म्हणाले, ‘‘अरे, बॉलिंगला आलास ना तू?’’ पोरगा म्हणाला, ‘‘हो सर. पण सामन्यात अकरावा गेलो तरी बॅट हातात घ्यावीच लागेल.’’ हे त्याला आम्ही शिकवले नव्हते. त्या दिवशी काही झाले नाही. पुढच्या शनिवारीही नाही. आम्ही रविवारी जायचे ठरवले होते, तेवढ्यात रविवारी सकाळी त्याचा फोन आला. आवाजात धाप होती. सराव संपता संपता त्याला पॅड बांधायला सांगितले होते.

बारा चेंडू मिळाले. पाच हुकले, एक पायाला लागला, दोनदा त्रिफळा उडाला. उरलेले चार बॅटच्या मधोमध बसले. त्याला दुसऱ्याचे पॅड मोठे होत होते, धावताना एकमेकांवर आपटत होते, आणि पलीकडे दोन-तीन मुले हसली असेही त्याने सांगितले. सुट्टी संपेपर्यंत आणखी तीनदा संधी मिळाली. क्लबात कायमचा प्रवेश मिळेल की नाही, ते अजून ठरलेले नाही. फी परवडेल की नाही, हेही नाही. तेव्हा गोष्टीचा शेवट गोड झाला असे आम्ही सांगत नाही.

पण ती वही आम्ही पाहिली. एका पानावर तारीख घालून त्याने डावीकडे ‘टाकले’ आणि उजवीकडे ‘मिळाले’ असे दोन रकाने आखले आहेत, आमच्या खतावणीसारखे. डावीकडे लिहिले आहे १२६. उजवीकडे १२. दोन्ही आकड्यांत अंतर मोठे आहे. आम्ही सोळा वर्षांचे असताना उजवीकडचा रकाना आखायचेही आम्हाला सुचले नव्हते.

आईला वाचता येत नाही. तिने त्या पानावर बोट ठेवून विचारले, ‘‘हे काय लिहिलेय?’’ भाचा म्हणाला, ‘‘आजी, ही बॅटिंग.’’ तिने पदराने ते पान उगाच पुसले आणि वही त्याच्या दप्तरात नीट ठेवली.

जयभीम.